वेबसाइटवर हरकत असल्यास कळवावे

आमच्या घरात आजवर एकही गोष्ट सरळ झालेली नाही. याचं कारण म्हणजे माझे यजमान. अजितनी चौतीस वर्षं महसूल खात्यात काढली. तलाठी म्हणून लागले, मंडळ अधिकारी म्हणून निवृत्त झाले. गावाकडे मंडळ अधिकाऱ्याला ‘सर्कल’ म्हणतात. जमिनीचा मालक मेला की वारसांची नावं लावायची, त्याआधी नोटीस काढायची, पंधरा दिवस हरकतींची वाट बघायची, मग नोंद मंजूर करायची, हे त्यांचं काम. दोन वर्षांपूर्वी खुर्ची सुटली, पण सवय सुटली नाही. आमच्याकडे फ्रीज आला तेव्हा त्याच्या जागेचा नकाशा काढला होता आणि त्यावर माझी सही घेतली होती.

तर एका रविवारी आमच्या धम्मदीपचा मेसेज आला. हा आमचा मुलगा, नवी मुंबईत नोकरीला. त्याने एक लिंक पाठवली होती आणि खाली लिहिलं होतं, “पप्पा, या वेबसाइटवर एक जुनं भीमगीत आहे. गायक रामा, काशीद. सोबत पत्नी तुळसा. साल १९६६. हे आपले आजोबाच ना? मी अजून ऐकलेलं नाही. आधी आज्जीला ऐकवा.”

मी भाजी चिरत होते. सुरी हातातच राहिली.

माझ्या सासऱ्यांना मी पाहिलेलं नाही. खरं तर त्यांच्या मुलानेही पाहिलेलं नाही म्हटलं तरी चालेल. हे चार वर्षांचे असताना ते काविळीने गेले. घरात त्यांचा एक फोटो आहे, त्यात नेमके ते हलले आहेत. पंचक्रोशीत गायन पार्टीत त्यांचा आवाज गाजलेला होता, असं सगळे म्हणायचे. म्हणणारेही एकेक करून गेले. राहिल्या त्या आमच्या आई, तुळसाबाई, वय चौऱ्याऐंशी. त्यांचाही डावा कान पूर्ण गेलेला आणि उजवा जायच्या वाटेवर. अलिबागच्या डॉक्टरांनी मशीन देऊन बघितलं, उपयोग नाही म्हणाले. “आहे तोवर ऐकून घ्या आजी,” असंही म्हणाले. मला त्या डॉक्टरांचा राग आला होता, पण खोटं काही बोलले नव्हते.

म्हणजे काम सोपं होतं. लिंक दाबायची आणि फोन आईंच्या उजव्या कानाला लावायचा. पाच मिनिटं.

ह्यांनी चष्मा पुसला, मेसेज तीनदा वाचला आणि म्हणाले, “ही वेबसाइट सुरक्षित आहे कशावरून? आणि कायदेशीर आहे कशावरून?”

आता याला कारण होतं, ते सांगायला हवं. मागच्या वर्षी ह्यांनी मोफत घड्याळाची एक लिंक दाबली होती. घड्याळ आलं नाही. उलट फोनने आपल्या मनानेच यादीतल्या सगळ्यांना मेसेज पाठवले, “हाय डियर, मी आज एकटी आहे.” त्यात एक निवृत्त तहसीलदार होते. त्यांच्या मिसेसचा मला फोन आला. तेव्हापासून दुधाने तोंड पोळलेला हा माणूस ताकच काय, पाणीसुद्धा फुंकून पितो.

त्यांनी कपाटातून नवी फाइल काढली. वर लिहिलं, ‘विषय: रहाटसूर या वेबसाइटची तपासणी.’

पहिल्या दिवशी वेबसाइटचा पत्ता एकेक अक्षर बोट ठेवून वाचला. खोटे लोक एखादंच अक्षर बदलतात, हे त्यांनी पेपरात वाचलं होतं. सुलटा वाचून झाल्यावर उलटा वाचला. आई ओट्यावर बसून बघत होत्या.

“येवढं तर माज्या बापानं माजं लगीन लावताना मुलाचं घर न्हवतं बघितलं,” त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी वेबसाइटची चतुःसीमा. कागदावर चौकोन काढला आणि मला विचारलं, “पूर्वेस काय लिहू?”

“पश्चिमेस समुद्र लिहा,” मी म्हटलं. “आपल्याकडे ते कधी चुकत नाही.”

त्यांनी खरंच लिहिलं. मग खोडलं.

मग धम्मदीपला फोन. पत्त्याशेजारी कुलपाचं चिन्ह आहे, असं तो म्हणाला. हे म्हणाले, “कुलूप चोरही लावतो. आत कोण बसलाय ते कुलूप सांगत नाही.”

“पप्पा, हे मात्र एकदम बरोबर बोललात,” तिकडून तो म्हणाला. “कुलूप म्हणजे मधल्या मधे कोणी डोकावत नाही एवढंच.”

या शाबासकीने ते इतके फुगले, की पुढचे चार दिवस आमचं काही खरं नव्हतं. वेबसाइट किती वर्षांपूर्वी नोंदली, हे बघायची सोय असते म्हणे. धम्मदीपने बघून सांगितलं, दोन वर्षं चार महिने. “बारा वर्षांची वहिवाट असती तर प्रश्नच नव्हता,” हे हळहळले. वेबसाइट पैसे मागते का? नाही. फोन नंबर मागते का? नाही. काही उतरवून घ्यायला लावते का? नाही. मालकाचं नाव दिलंय? दिलंय, क्षिप्रा. पत्ता? किहीम, समुद्राकडच्या वाडीतलं घर.

“झालं तर मग,” मी म्हटलं. “सुरक्षित आहे. लावा.”

“सुरक्षित असेल. कायदेशीर आहे का?” त्यांनी फाइल मिटली. “आवाज ही मिळकत आहे, रश्मी. बाबा वारले. वारस आई आणि मी. आम्हाला न विचारता या बाईंनी कब्जा कसा घेतला? बाबांनी परवानगी दिली होती का? नसेल तर हा माल चोरीचा. आणि चोरीचा माल मी माझ्या आईच्या कानात घालू?”

बोलताना त्यांचा आवाज जरा चिरकला. तेव्हा कुठे माझ्या लक्षात आलं, की हा माणूस नुसता वेळ काढत नाहीये. त्याला बापाचा आवाज ऐकायची भीती वाटतेय आणि भीती झाकायला त्याच्याकडे फाइलशिवाय दुसरं काही नाही. दया आली. पण दयेचाही काही काळ असतो.

दुपारी हे झोपल्यावर मी माझा फोन घेऊन आईंकडे गेले. शाळेत पस्तीस पोरांना सांभाळणारी बाई मी, नवऱ्याला न विचारता एक बटण दाबायला मला काही लागत नाही. उजव्या कानाशी तोंड नेऊन म्हटलं, “आई, मी लावते. ह्यांना नाही सांगायचं.”

आईंनी फोनवर हात ठेवला. “नगं.”

“का?”

“किहीमला रहाटावर कामाला व्हतो आमी. येकदा वाडीतलं नारल गेलं. मुकादम समद्यांच्या झोपड्या बघत आला. आमच्या दारात आला, तर तुज्या सासऱ्यानं हुतं न्हुतं ते समदं सामान सोता भायेर आनून उपडं केलं. पीठबी. म्हनला, बघा. चोरीचा नारल न्हाय शिवला त्यांनी कंदी.” त्यांनी फोन माझ्याकडे सरकवला. “त्यांचा आवाज मी चोरून आयकू व्हय? अजित म्हनल तवा. राजरोस.”

म्हणजे मुलगा आईच्याच वळणावर गेला होता. मी फोन घेऊन आत आले.

आठवडा उलटला आणि ह्यांनी नोटीस काढली. हो, नोटीस. ग्रामपंचायतीच्या फळ्यावर एक आणि विहाराच्या दारात एक. “तमाम लोकांस कळविण्यात येते की, कालकथित रामा यांचा आवाज असलेली वेबसाइट पाहण्याचे व ऐकण्याचे योजिले आहे. त्याबाबत कोणाची काही हरकत असल्यास पंधरा दिवसांचे आत लेखी कळवावे. मुदतीनंतर आलेल्या हरकतींचा विचार केला जाणार नाही.” खाली सही. सहीखाली ‘निवृत्त’ हा शब्द मी बळेच घालायला लावला.

पहिली हरकत हरेश्वरची आली. त्याच्या घरापुढचं गटार तुंबलं होतं.

“याचा वेबसाइटशी काय संबंध?” ह्यांनी विचारलं.

“हरकती मागवल्या ना सर्कल? माजी हीच हाय. दोन वरसं कुनी मागवतच न्हवतं.”

ह्यांनी ती आवक नोंदीत घेतली. नियम म्हणजे नियम.

दुसरी हरकत नीराबाईची. ही आमची शेजारीण, वय पंच्याहत्तर. लिहिता येत नाही म्हणून माझ्याकडूनच लिहून घेतली. “मुख्य गायकाचं नाव हाय, मग ढोलकीवाल्याचं का न्हाय? माजा भाव त्यांच्या संगती किहीमला कामाला व्हता. रातंदिस दोगं संगती. रामादादा ढोलकीबिगर गायचंच न्हाय. नाव लावा, न्हायतर मी मंजूर करायची न्हाय.”

“रास्त हरकत आहे,” हे म्हणाले, आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा हसले.

असे दिवस चालले होते. नोटिशीचा नववा दिवस. आमच्या घरासमोरच्या वळणावर संध्याकाळी साडेचारला मुरुडला जाणारी एसटी हॉर्न देते. आई रोज तो ऐकून म्हणतात, “गाडी आली. च्या टाक.” घड्याळ चुकेल, हे चुकायचं नाही. त्या दिवशी गाडी आली, हॉर्न वाजला, चांगला दोनदा वाजला. आई समोर बघत बसून राहिल्या. मी थोडी वाट बघितली. मग आत जाऊन मुकाट्याने चहा टाकला. कप हातात दिला तर आई म्हणाल्या, “आज लवकर केलास? गाडी यायचीय आजून.”

माझं डोकं सणकलं.  हे फाइलला भोक पाडून दोरी ओवत होते. त्यांच्या पुढ्यातून मी फाइल उचलली.

“तुमची मुदत पंधरा दिवसांची. त्या कानाची किती दिवसांची, ते विचारलंत का? सहा दिवसांनी तुमची नोंद मंजूर होईल हो, झोकात होईल! पण ऐकायला कोण असेल? नोटीस चिकटवा मग त्यांच्या कानावर!”

 ते दोरी तशीच हातात धरून ओट्यावर बसलेल्या आईंकडे बघत राहिले. दुसऱ्या दिवशी सकाळी उठले तर इस्त्रीचा शर्ट घालून तयार.

“किहीमला जाऊ,” म्हणाले. “स्थळपाहणी.”

काशीदहून एसटीने अलिबाग, तिथून मिनीडोअरने किहीम. सहा माणसांच्या त्या रिक्षात आम्ही नऊ जण होतो आणि ह्यांनी फाइल डोक्यावर धरली होती. माडांच्या वाडीतून आत गेलो. जुनं कौलारू घर, दारात एक पंचावन्नच्या बाई, चष्मा केसांत खोवलेला.

“रहाटसूर वेबसाइट इथेच राहते का?” ह्यांनी विचारलं.

त्यांनी एकदा फाइलकडे बघितलं, एकदा ह्यांच्याकडे. “हो, इथेच. आत या. पंख्याखाली असते.”

त्याच क्षिप्राताई. आतल्या खोलीत एक कॉम्प्युटर, एक जुनं टेपचं मशीन आणि भिंतीला लावून स्टीलचे डबे. डब्यांवर ‘रवा’, ‘पोहे’, ‘मेथी’ असं लिहिलेलं आणि आत टेपची रिळं. दमट हवेत टिकायला हाच एक उपाय सापडला, असं त्या म्हणाल्या. त्यांचे वडील देवव्रत. वाडी त्यांचीच. मुंबईहून टेपचं मशीन आणून वाडीत काम करणाऱ्यांची गाणी त्यांनी घेतली होती. मग मशीन बिघडलं, माणसं पांगली, रिळं माळ्यावर गेली. वडील गेल्यावर माळा साफ करताना ती यांना सापडली.

ह्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग उभे राहिले. “अठ्ठावन्न वर्षं,” म्हणाले. “माझा बाप कसा गात होता, हे विचारत मी गावभर फिरलोय. लहानपणी म्हाताऱ्यांच्या पायाशी बसून विचारलंय. आणि त्यांचा आवाज इथे रव्याच्या डब्यात?”

 त्यांना मी असं कधीच पाहिलं नव्हतं.

क्षिप्राताईंनी सबबी सांगितल्या नाहीत. “बाबांनी तुम्हाला शोधायला हवं होतं. नाही शोधलं. आणि मीसुद्धा एसटीत बसून काशीदला येऊन विचारायला हवं होतं. त्याऐवजी वेबसाइट काढून वाट बघत बसले. चुकलंच माझं. तुम्ही म्हणत असाल तर आत्ता काढून टाकते.”

“नको!” हे इतक्या जोरात ओरडले, की बाहेरचा कुत्रा भुंकला. मग सावरून म्हणाले, “म्हणजे, परवानगीचा कागद असेल तर दाखवा.”

त्यांनी वडिलांची वही काढली. निळ्या शाईत ओळ होती, ‘रामा, काशीद. पत्नी तुळसा, मूल लहान. परवानगी: तोंडी. टेपवरच घेतली आहे.’

ह्यांनी ती दोनदा वाचली आणि खुर्चीत बसले. “म्हणजे परवानगी आहे की नाही, हे ऐकल्याशिवाय कळणार नाही. आणि परवानगी आहे हे कळल्याशिवाय ऐकता येणार नाही.”

क्षिप्राताईंना हसू आलं. मलाही आलं. ह्यांना आलं नाही.

परतीच्या एसटीत रेवदंड्याचा पूल जाईपर्यंत ते खिडकीबाहेर बघत होते. मग फाइल उघडली, नोटिशीची प्रत काढली आणि तिच्या पाठीवर मांडीवर टेकून लिहायला लागले. गाडीच्या धक्क्यांनी अक्षर नाचत होतं.

“काय लिहिताय?”

“आदेश. वारसाने बापाची परवानगी तपासण्यासाठी ऐकणं, हे ऐकणं धरता येत नाही. ती तपासणी. तिला मुदत लागू नाही.” पेनाचं टोपण लावत ते हळूच म्हणाले, “चौतीस वर्षांत एक दिवस मुदत कमी केली नाही मी. वरून फोन आले तरी नाही.”

मी त्यांचा हात धरला. एसटीत. म्हातारपणी माणूस काहीही करतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी, भरती ओसरून समुद्र लांब गेल्यावर, म्हणजे त्याचाही आवाज नको म्हणून, आम्ही ओसरीवर बसलो. पंच म्हणून नीराबाई. हरेश्वरही आला, त्याला गटाराचं काय झालं ते हवं होतं. मी फोन मोठ्या पितळी तपेल्यात ठेवला, तसा ठेवला की आवाज दुप्पट घुमतो. तपेलं आईंच्या मांडीवर, उजव्या कानाशी. ह्यांनी पत्ता शेवटचा एकदा बोट ठेवून वाचला आणि मला म्हणाले, “तू दाब.”

मी दाबलं.

आधी नुसती खरखर. मग रहाटाची करकर, पाण्याचा सपका, कुणाचं तरी खोकणं. मग एक शहरी आवाज, “रामा, हे यंत्रात घेतोय. पुढे कोणीही ऐकेल. चालेल ना तुला?”

आणि मग, बाई गं, तो आवाज. भरदार आणि हसरा. “आयकू द्या की सायेब, समद्यांनी आयकू द्या. माजी काय हरकत न्हाय. ह्या बारक्याला तेवढं इचारा. सकालधरनं ह्योच हरकत घेतोय.”

त्याबरोबर तपेल्यातून एका लहान पोराने असं भोकाड पसरलं, की नीराबाई दचकून मागे सरकली.

आधी तिला हसू फुटलं, मग हरेश्वरला, मग मला. ह्यांचा हात आपोआप खिशाकडे गेला. पेन निघालं, फाइल उघडली. मी वाकून बघितलं. लिहिलं होतं, ‘परवानगी: आहे. हरकत क्रमांक तीन. हरकतदार: अजित रामा, वय वर्षे दोन.’

तेवढ्यात ढोलकी सुरू झाली. “माजा भाव!” नीराबाई ओरडली आणि तोंडात पदर कोंबून बसली. आणि गाणं उठलं.

वाटंवर दिवा भीमानं लाविला,
वारा सुटला तरी इझायचा न्हाय...

आईंचे डोळे मिटलेले होते. ओठ हलत होते, एक शब्द मागे नाही की पुढे नाही. अठ्ठावन्न वर्षं त्या बाईने ते गाणं कुठे ठेवलं होतं कोण जाणे. मी ह्यांच्याकडे बघितलं. पेन कागदावर टेकलेलं होतं आणि तिथे शाईचा ठिपका मोठा होत चालला होता. मग त्यांचे खांदे हलायला लागले. साठ वर्षांचा माणूस, सहा गावांना धाकात ठेवलेला सर्कल, ओसरीवर मांडी घालून हुंदके देऊन रडायला लागला. बापाच्या नावाने पहिल्यांदाच रडत असावा. एरवी रडायला त्याच्याकडे आठवणच नव्हती.

तपेल्यातलं पोरही रडत होतं. गाण्याच्या मधेच, अगदी जवळून, एका तरुण बाईचा दबका आवाज आला, “गप र. बा गातोय ना.”

आईंनी डोळे उघडले. एक हात तपेल्यावर होता, तो तिथेच ठेवला. दुसरा लांब करून मुलाच्या पाठीवर ठेवला आणि थोपटत, त्याच सुरात म्हणाल्या, “गप र. बा गातोय ना.”

दोघंही गप्प झाले, आधी तपेल्यातला आणि मग ओसरीवरचा.